भुताचा सिनेमा काढणारे बाबा

केनवडच्या माझ्या सलूनमध्ये दर शुक्रवारी नव्वदीचे एक बाबा दाढीला येतात. तरुणपणी मुंबईत त्यांनी भुतांचे दोन सिनेमे लिहिले आणि दिग्दर्शित केले. बोलता बोलता ते अजूनही मध्येच थांबतात, ऐकणारा दचकेपर्यंत.

परवा त्यातला एक सिनेमा मला मोबाइलवर सापडला. कौतुकाने मी सगळ्यांना दाखवला. भूत दिसताच गिऱ्हाइकं खदखदून हसली. बाबा तोंडाला फेस लावलेले तसेच पाहत राहिले.

मी सिनेमा मागे नेऊन नावं पाहिली. दिग्दर्शक म्हणून भलताच माणूस होता.

"बाबा, तुमचं नाव काहून नाई?"

"पैसे लावणाऱ्या मालकानं आपल्या साळ्याचं टाकलं." ते थांबले. "बरंच झालं. लोकं त्याच्यावर हसून राह्यले."

त्यांची हनुवटी थरथरायची थांबेपर्यंत मी वस्तरा लावला नाही.