सरदारजींचं ताट

माझं माहेर सांगलीचं, हळदपेठेजवळचं. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला लग्न होऊन कराडजवळच्या या गावी आले आणि आठवड्याभरातच कळलं, की या घरात एक माणूस कधी आलेला नाही, पण रोज जेवायला असतो.

माझे मामंजी, म्हणजे सासरे, इंग्रजांच्या पलटणीत होते. दुसऱ्या महायुद्धात इटलीतल्या एका डोंगरावर मांडीत गोळी लागून पडले, तेव्हा शेजारच्या पलटणीतल्या एका शीख शिपायानं त्यांना पाठीवर घालून खाली आणलं. पुढे दोघांची दोस्ती झाली. पण एकत्र जेवण काही झालं नाही. इंग्रज साहेबानं शिखांचं लंगर, म्हणजे पलटणीचं स्वयंपाकघर, वेगळं आणि मराठ्यांचं वेगळं ठेवलेलं, आणि दुसऱ्याच्या लंगरात कुणी ताट धरलेलं त्याला खपत नसे. त्यामुळे घरात काही चांगलंचुंगलं शिजलं, की पहिल्याच घासाला मामंजी म्हणायचे, "एकदा त्याला हितं जेवू घालायचं हाय." सासूबाई मला म्हणायच्या, "सवत असती तर बरं झालं असतं गं. तिच्याशी भांडता तरी आलं असतं."

आणि एक दिवस ते सरदारजी खरंच येणार असल्याचा निरोप आला. पलटण सोडल्यावर त्यांनी ट्रकचा धंदा काढला होता. त्यांचा ट्रक यंत्रं घेऊन कोयनानगरला आला होता आणि परतीच्या वाटेवर ते आमच्याकडे उतरणार होते. मामंजींनी बोकड पाडायचं ठरवलं. गावच्या रीतीनं मुलाणी आला आणि आपल्या देवाचं नाव घेऊन त्यानं सुरी फिरवली. आमच्याकडे मटण म्हणजे मुलाण्याच्या हातचं. दुसऱ्या कुणी कापलेलं सासूबाईसुद्धा तोंडात घालत नसत. सकाळपासून चुलीपुढे बसून मी रस्सा केला. धुरानं डोळे चुरचुरत होते, पण रस्सा झकास उतरला होता, हे मीच सांगते.

सरदारजी आले. उंचेपुरे, दाढी पांढरी, पगडी चापूनचोपून बांधलेली. दोघं म्हातारे एकमेकांची मनगटं धरून नुसते उभे राहिले. मग मामंजी त्यांच्या हातावर पाणी घालायला लागले. सरदारजींनी बाही वर केली, मनगटातलं लोखंडी कडं दिसलं, आणि मामंजींच्या हातातला तांब्या थांबला.

ते तडक स्वयंपाकघरात आले. एरवी तिकडे फिरकत नसत.

"पोरी, बोकड मुलाण्यानं कापलाय."

"मग? नेहमी तेच कापतात की."

"शिखास्नी त्ये चालत न्हाई. एका घावात कापल्यालं लागतं. पलटणीत सगळ्यास्नी ठावं हुतं, आन् मी इसरलो."

सासूबाई रस्सा ढवळत होत्या. "आवं, कोण सांगाया जातंय त्यास्नी? वाढा गप."

मला त्यांचंच पटलं. सगळी सकाळ त्या रश्श्यात गेली होती, राग तर येणारच. पण मामंजींचा चेहरा उतरला होता. "ज्यानं मला पाठीवर आणला, त्याला मी नकळत बाटवू व्हय?" ते म्हणाले. मग दाराशी थांबून हळूच म्हणाले, "पर सांगितलं आन् उठून गेला तर?"

ते बाहेर गेले आणि त्यांनी सांगून टाकलं. मी दाराआड उभी होते.

मग सरदारजी हिंदीत बोलायला लागले. भरतीला गेले तेव्हा त्यांचे केस कापलेले होते, घरात कुणीच केस राखत नव्हतं. साहेब म्हणाला, शीख म्हणून पलटणीत यायचं तर केस वाढव, अमृताची दीक्षा घे, सगळे नेम पाळ. साहेबाला पगडीवालाच शीख हवा होता. यांना पगार हवा होता, म्हणून वाढवले. साहेब देश सोडून गेला, तेव्हा हे एकदा कात्री घेऊन बसले. वाढवायला लावणारा तर गेला, आता कशाला ठेवायचे? पण कात्री काही चालेना.

"उस दिन से ये बाल साहब के नहीं, मेरे हैं," ते म्हणाले. "नेम भी मेरा है. साहब का होता, तो आज तेरा बकरा मैं अकेला खा जाता."

आणि ते मोठ्यानं हसले. मामंजी हसता हसता खाली ओट्यावरच बसले.

"तूने बता दिया, अच्छा किया," सरदारजी म्हणाले. मग आत वळून, "बेटी, घर में जो सादा हो, वही ले आ."

मला इतकं हायसं वाटलं, की राग कुठे गेला कळलंच नाही. कढईत पिठलं टाकलं, ठेचा वाटला, गरम भाकऱ्या थापल्या. रस्सा आम्ही बाकीच्यांनी चापला, सासूबाईंनी दोनदा घेतला. मामंजींनी मात्र मटणाला हात लावला नाही. पिठलं-भाकरी घेऊन ते सरदारजींच्या मांडीला मांडी लावून बसले.

सरदारजींनी आणखी भाकरी मागितली. माझी तव्यावर होती, अजून फुगली नव्हती. मामंजींनी आपल्या ताटातली अर्धी मोडून त्यांच्या ताटात ठेवली. सरदारजींनी ती पिठल्यात बुडवली आणि खाल्ली. मामंजी त्यांचा घास संपेपर्यंत त्यांच्याकडे बघत राहिले, स्वतः जेवायचं विसरून.