मागे घेतलेला पाय

मी जन्माचा संशयी. गोल राखणाऱ्याला हा स्वभाव फार उपयोगी पडतो. समोरचा गडी डावीकडे बघत असला की मी उजवीकडे सरकायचो. भोरच्या संघात मी नऊ वर्षं गोलात उभा राहिलो तो याच गुणावर. आमच्याच बचावाच्या गड्यांवरही माझा कधी भरवसा नसे.

दुसऱ्या महायुद्धाच्या आधीची गोष्ट. नीरेकाठच्या मोकळ्या रानात वरव्याच्या संघाशी सामना होता. त्यांच्याकडून पुढे खेळत होते आमचे दाजी, माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान. पलटणीत खेळ शिकून आलेले. सुरुवातीलाच मी रीतीप्रमाणे मैदानाच्या मधोमध वाकून त्यांच्या पाया पडलो.

सामना संपत आला तेव्हा बरोबरी होती. दाजी चेंडू घेऊन एकटेच माझ्या अंगावर आले. चेंडू त्यांच्या पायापासून हातभर सुटला. मी उजवा पाय टाकला असता तर चेंडू अडला असता, पण पाय दाजींच्या नडगीवर बसला असता. ज्यांच्या पाया पडायचं त्यांनाच लाथ? पाय मागे आला आणि गोल झाला. आला की मी घेतला, ते मला तेव्हाही सांगता आलं नसतं.

आमचा कप्तान माझ्याच वयाचा. त्याच संध्याकाळी त्याने सगळ्यांना खंडोबाच्या देवळात नेलं.

"दाजीसाठी सोडलास न्हवं?"

"न्हाई."

"मग बेलभंडारा उचल. न्हाईतर उद्यापासनं गोलात दुसरा गडी."

भंडाऱ्याची हळद आणि वर बेलाचं पान. ते तळहातावर घेऊन खोटं बोलायची आमच्याकडे कुणाची छाती होत नाही. आणि मी मात्र त्या घटकेलाही, आमचं नातं याला सांगितलं कुणी, म्हणून एकेकाचं तोंड निरखत होतो. सगळ्यांदेखत मीच पाया पडलो होतो, हे डोक्यात आलं नाही.

गोलातली जागा मला सोडवेना. मी भंडारा उचलला. म्हणालो, "म्या जाणूनबुजून सोडला न्हाई."

सगळ्यांनी तत्काळ मान्य केलं. कुणाच्या डोळ्यांत किंतु उरला नाही. मला मात्र ते खरं वाटेना. पुढे कितीतरी सामने मी चेंडूपेक्षा आमच्याच गड्यांवर जास्त नजर ठेवली. त्यांच्या मनात काही नव्हतं. होतं ते माझ्याच पोटात, आणि त्याची मला लाज वाटे.

खेळ सुटून बरीच वर्षं झाल्यावर कप्तान घरी आला. थकला होता. ओसरीवर बसून म्हणाला, "तुज्यावर संशय घेतला म्या. देवापुढं उभं केलं तुला. लई दिस मनात हाय."

आणि तो माझ्या पायांवर वाकला. मी झटकन पाय मागे घेतला. तोच, उजवा.

त्याला तो माझा मोठेपणा वाटला.