मामांची चाल

मामांना कोणाच्याही चालीनं चालता येई. समुद्रपूरच्या स्टँडवर एसटीची वाट पाहताना ते हळूच म्हणत, "थो पाह्य, मास्तर," आणि पुढे गेलेल्या मास्तरांसारखे चालून दाखवत. त्यांची स्वतःची चाल कोणती, हे मात्र आम्हाला कधीच कळलं नाही.

गावात ते 'इन्स्पेक्टर मामा'. भीमजयंतीच्या मंचावरून निघालेला हा माणूस मुंबईपर्यंत गेला आणि तिथं हयातभर इन्स्पेक्टर, सरपंच, वाईट बातमी सांगणारा डॉक्टर अशी दोन-दोन वाक्यांची कामं करत राहिला. चेहरा सगळ्यांच्या ओळखीचा, नाव कोणालाच माहीत नाही. एकदा कंडक्टर अदबीनं म्हणाला, "राहू द्या साहेब." मामा म्हणाले, "फाड बापू तिकीट. मी पिच्चरातला पोलीस आहो, सरकारातला नाई."

अधूनमधून गावी येऊन ते नाटक बसवत. शेवटचं नाटक माझं होतं. बाबा मोर्च्यांची पत्रकं घरी आणत, त्यांवरच मी वाचायला शिकलो. साहजिकच माझी पात्रं घोषणा देत. मामांनी वही मिटली. "तुह्या नाटकात माणसं बोलूनच नाई राह्यले रे. भिंती बोलून राह्यल्या." मला राग आला, पण सगळं पुन्हा लिहिलं.

नाटक रेतीवर होतं, गावात खरंच घडलेलं. रेतीचा धंदा करणाऱ्या, सगळे ज्याला नुसतं 'भाऊ' म्हणत त्याच्या मशीननं नदीत खोदलेल्या खड्ड्यात धुणं धुवायला गेलेली गावातली सुमन बुडाली. पाय घसरला, असं कागदावर आलं. खड्डा कोणाचा, हे सगळ्या गावाला माहीत होतं आणि सगळं गाव गप्प होतं.

मामांचा एक नियम होता: एका माणसाची एकच लकब घ्यायची. चाल एकाची, खोकला दुसऱ्याचा, हसणं तिसऱ्याचं. म्हणजे कोणी ओळखू येत नाही. रेतीवाल्याचं काम ते स्वतः करणार होते. तालमीत ते चालत आले आणि आम्ही लगेच ओळखलं, ही भाऊची चाल. भाऊ चार पावलं चालून थांबतो, मागची माणसं थांबली का, ते मान न वळवता नुसतं कानानं ऐकतो, मग निघतो. मामा तसेच थांबले. तसंच ऐकलं.

"मामा, तुमचा नियम?"

"सुमनले बुडवणारा एकच होता ना? मंग थो चार माणसाचा काऊन बनवू?"

पहिला प्रयोग समुद्रपूरच्या बाजारात झाला, दुसरा केळझरला ठरला होता. मामा थांबून ऐकू लागले, तशी एक बाई हसली, मग अख्खा बाजार. ते हसू एकाएकी तुटलं, कारण मागे भाऊ उभा होता. तो टाळ्या वाजवत पुढे आला. स्वतःच्या हातानं मामांना पेढा भरवत म्हणाला, "हुबेहूब, मामा. पण केळझरले ही चाल नोका आणजा. पाय म्हातारे झाले तुमचे." आवाजात घरच्या माणसासारखी काळजी होती.

त्या दिवसापासून मामांच्या दारासमोर एक जीप उभी राहू लागली. इंजिन सुरूच. कोणी उतरत नसे. मामी म्हणाल्या, "बदलवा ना जी चाल. नाटक तं तेच राह्यते."

"चाल बदलवली का सुमनचा पाय खरंच घसरला म्हणून समज," मामा म्हणाले.

केळझरला पहिल्या रांगेत भाऊची माणसं हाताची घडी घालून बसली होती. मामा चार पावलं चालले. थांबले. ऐकलं. कोणी हसलं नाही. त्या शांततेत मागे जीप सुरू झाल्याचं मात्र सगळ्यांना ऐकू आलं.

दिवस मावळत होता. मामांनी आम्हाला जबरदस्तीनं टेम्पोत बसवलं. "माह्यासंग कोणी नोका येऊ. मी एसटीनं येतो." टेम्पो निघाला. मागच्या फळीवरून मला ते महामार्गाकडे जाताना दिसले. लांब टांगा, पंजे किंचित बाहेर, हात मोकळे. वावरातून घरी निघालेल्या माणसासारखे. ही चाल मी कधीच पाहिली नव्हती. ती कोणाचीच नव्हती. मागून जीप हळूहळू येत होती. मामा थांबले नाहीत, ऐकलंही नाही. मी ओरडून टेम्पो वळवायला लावला. आम्ही परत पोचलो तेव्हा रस्त्यावर मामा नव्हते, जीपही नव्हती.

ठाण्यात हवालदारानं फोटो हातात घेतला आणि सवयीनं ताठ झाला. मग ओशाळून खाली बसला. "ओळखीची खूण सांगा. चालतात कसे?"

मी उठलो आणि त्याच्या टेबलापासून दारापर्यंत चालून दाखवलं. लांब टांगा, पंजे किंचित बाहेर, हात मोकळे. दारात भाऊची माणसं उभी होती. मी थांबलो नाही.