गावपळणीतली गैरहजेरी

माझा राग अजून गेलेला नाही, हे आधीच सांगते. थंड डोक्याने लिही, असं दोघातिघांनी सुचवलं. थंड डोक्याने लिहायला बसले की दुसऱ्या ओळीला पुन्हा तापते, म्हणून तो नाद सोडला.

मी परदेशी माल पाठवणाऱ्या एका कंपनीत नोकरी करते. काजू, मसाले, गोठवलेली मासळी, फरशा, कपडे, ज्याला जे पाठवायचं ते. माझं काम कागदांचं. कंटेनर जहाजावर चढण्याआधी त्याचं वजन, आतला माल, घेणाऱ्याचा पत्ता असं सगळं जहाज कंपनीकडे ठरल्या वेळेच्या आत जावं लागतं. त्या वेळेला आम्ही कट-ऑफ म्हणतो. कट-ऑफ चुकला की जहाज निघून जातं आणि कंटेनर धक्क्यावर उन्हात पडून राहतो. इतकी वर्षं हे काम करतेय, पण कंटेनरला मी आजवर हात लावलेला नाही. आमच्या ऑफिसातल्या कुणीच लावलेला नाही. आमचं सगळं काम पडद्यावर चालतं. हे मुद्दाम सांगतेय, कारण पुढे याच गोष्टीवरून माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

टाळेबंदीत सगळ्यांना घरी पाठवलं, तेव्हा मी मालवणजवळच्या आमच्या गावी आले. आई जाऊन बरीच वर्षं झालेली, भावंडं नाहीत. घरात बाबा एकटे होते. त्यांनी जन्मभर ट्रक चालवला. जाताना आंब्याच्या पेट्या, येताना जो मिळेल तो माल. मी आले आणि पुढच्याच पावसाळ्यात त्यांना अर्धांगाचा झटका आला. उजवी बाजू गेली, बोलणं तुटक झालं. तेव्हापासून त्यांना उठवणं, धुणं, भरवणं माझ्याकडे आलं. पडवीत माझं टेबल, आतल्या खोलीत त्यांची खाट, मधलं दार सताड उघडं. एका हाताने बिलं तपासत दुसऱ्या हाताने पेज ढवळायची मला सवय झाली होती. काम एकदाही अडलं नाही.

मग कंपनीला एकाएकी टीम स्पिरिटची आठवण झाली. हायब्रिड नावाची गोष्ट आली. आठवड्यातले काही दिवस नवी मुंबईच्या ऑफिसात आणि उरलेले घरून. ज्यांच्या घरी आजारी माणूस आहे त्यांना पूर्ण वेळ घरून काम करायची सवलत होती, पण तिला अट होती. मोबाइलवर हजेरीचं अॅप. रोज सकाळी हजेरी लावताना तुम्ही नोंदवलेल्या पत्त्यावरच असायला हवं. कुणी बहाद्दर घरून काम करतो सांगून मनालीला सापडला होता म्हणे. त्याला कुणी काही केलं नाही, अट मात्र आम्हाला लागली. चोर सोडून संन्याशाला फाशी. अट मोडली तर सवलत रद्द आणि ऑफिसात हजर. मी मान्य केलं. बाबांना सोडून मी जाणार तरी कुठे होते?

पण आमचं गाव साधं नाही. आमच्याकडे दर काही वर्षांनी गावपळण होते. ग्रामदेवाला कौल लावतात. कौल मिळाला की ठरल्या दिवशी अख्खं गाव वेशीबाहेर जातं आणि तीन दिवस, तीन रात्री बाहेरच खोपी, म्हणजे झावळ्यांच्या झोपड्या, बांधून राहतं. माणसं, गुरं, कोंबड्या, कुत्री, सगळी. गावात चूल पेटायची नाही, दिवा लागायचा नाही. हिंदू जातात, मुसलमान जातात, बाळंतिणी जातात, अंथरुणावरची माणसंही जातात. कशासाठी, ते मला विचारू नका. वाडवडिलांपासून चालत आलंय आणि आम्हाला आवडतं. मुंबईचे चाकरमानी रजा टाकून येतात यासाठी.

बाबांना मात्र आजवर एकही गावपळण धड मिळाली नव्हती. गाव बाहेर पडायचं तेव्हा ते हमखास कुठल्यातरी घाटात गाडी घेऊन असायचे. या खेपेला मार्गशीर्षात गावपळण ठरली, हे ऐकलं तेव्हा त्यांनी डाव्या हाताने माझं मनगट धरलं.

"माका... व्हया," ते म्हणाले.

"न्हेतंय तुमका, बाबा," मी म्हटलं. शब्द देऊन बसले.

मॅनेजरला फोन केला. भला माणूस, असं सगळे म्हणतात. आवाज तर इतका मऊ की साजूक तूप.

"म्हणजे मॅडम, पूर वगैरे आलाय का तिकडे?"

"नाही सर. देवाचा कौल आहे. गाव रिकामं करतात."

"अच्छा, अच्छा. इंटरेस्टिंग. मग तुम्ही घरीच थांबा ना. कोण बघणार आहे?"

"सर, गावात एकही माणूस थांबत नाही. आणि वडिलांना उचलायला मी लागते. रजा द्या, नाहीतर तेवढे दिवस जागा बदलून द्या. काम मी करतेच."

रजा मिळणार नव्हती, महिनाअखेर होती. जागेचं एचआरला विचारा म्हणाले. एचआरची मुलगी फारच गोड बोलली. पत्ता बदलता येईल, फक्त नव्या जागेचं वीजबिल किंवा भाडेकरार लागेल. झावळ्यांच्या खोपीचं वीजबिल! ते नसेल तर गाव रिकामं केल्याचं शिक्क्याचं पत्र चालेल, असंही तिने सुचवलं. मी गाढवासारखी देवळाच्या मानकऱ्यांकडे गेले. ते ओसरीवर सुपारी कातरत बसले होते. त्यांनी माझं सगळं ऐकून घेतलं आणि मग पोट धरून हसले.

"बाय माझे, देवान कौल दिल्यान. तेच्यावर शिक्को मारूक आता मी खंय जाव?"

मला त्यांचाही राग आला. हसायला काय जातंय!

यावरचा सोपा उपाय मला प्रत्येकाने सांगितला. ऑफिसातल्या मैत्रिणीने सांगितला, शेजारच्या काकीने सांगितला, एचआरच्या मुलीनेही आडून सुचवला. ताप आला म्हणून कळव आणि मोकळी हो. आजारपणाच्या रजेला कुणी ना म्हणत नाही. पण गाव निघण्याआधी देवासमोर गाऱ्हाणं घालतात. घराघरातल्या सगळ्यांना, गुरावासरांना सुखरूप ने आणि सुखरूप आण, असं सगळ्यांच्या वतीने मागतात. त्या कामाला तोंडात खोटं घेऊन निघायचं नाही, हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही माहीत असतं. मी मेलवर खरं ते लिहिलं. गावपळणीसाठी गावाबाहेर राहणार आहे, काम नेहमीसारखं चालू राहील. असला मूर्खपणा आमच्याच गावचं माणूस करू जाणे.

निघायच्या दिवशी शेजारचे चाचा टेम्पो घेऊन दारात उभे राहिले. त्यांचा मासळीचा धंदा, टेम्पो त्याचाच. मागे त्यांच्या कोंबड्या, आमची शेळी, दोन्ही घरांची भांडी, बाबांची खाट. बाबांना मागे गादीवर निजवावं असं माझं मत होतं.

"ड्रायव्हरान फुडेच बसूचा," चाचा म्हणाले आणि आम्ही दोघांनी मिळून त्यांना पुढच्या सीटवर बसवलं. बाबा तोंड वाकडं करून हसले. झटक्यानंतर त्यांना हसताना मी पहिल्यांदा पाहिलं आणि मला भरून आलं. रागातही भरून येतं माणसाला.

वहाळाच्या, म्हणजे ओढ्याच्या, पलीकडे आमची खोप होती. खाली गवत, वर विणलेल्या झावळ्यांची चुडतं. तिथून आमच्याच परसातल्या माडांचे शेंडे दिसायचे, इतक्या जवळ. सकाळी अॅप उघडलं. लाल अक्षरांत आलं, तुम्ही नोंदवलेल्या ठिकाणी नाही, अनुपस्थित. मी मोबाइल रेंज पकडायला बांबूला बांधला, तांदळाच्या पिंपावर लॅपटॉप ठेवला आणि त्या अनुपस्थित बाईने दिवसभर काम केलं. चार्जिंगला चाचांच्या टेम्पोची बॅटरी होती. एका काजूवाल्याने कंटेनरचं वजन चुकीचं कळवलं होतं. ते मी पकडलं, त्याच्या गोदामातून नवीन वजन मागवलं, कट-ऑफच्या आत कागद पोचवले. मागे कोंबड्या ओरडत होत्या. फोनवरचा माणूस म्हणाला, मॅडम, ऑफिसात आज फार गडबड दिसतेय. मी हो म्हटलं.

त्या दिवसांत माझा एकही कंटेनर मागे राहिला नाही. तुम्ही म्हणाल, हे काय सांगायचं! सांगायचं, कारण ते कुणीच विचारलं नाही.

बाबा खाटेवर राजासारखे पडून असायचे. आल्यागेल्याने त्यांच्याजवळ बसावं, जुन्या गाड्यांच्या गोष्टी काढाव्यात. त्यांनी डाव्या हाताने पत्ते खेळले. वहाळातल्या माशांचं तिखलं मागून खाल्लं. घरी घास घेताना तोंड फिरवणारा माणूस आणखी वाढ म्हणून खुणावत होता.

चौथ्या दिवशी परत जायचा कौल लावला, तर देव देईना. आणखी एक दिवस बाहेर. माझी चौथी लाल खूण. मग माझा तोल गेला. खोपीबाहेर उभी राहून मी देवालाही बोलले. तुका काय होता, तुका खंय हजेरी लावची आसा?

"देवाक गाळी घालू नको गो," काकी कानावर हात ठेवत म्हणाली.

"मगे कोणाक घालू?" मी म्हटलं. तिने पुढे केलेला चहा मी घेतला.

परत आलो, अंगण झाडलं, चूल पेटवली, आणि मेल आला. सवलत रद्द. पुढच्या सोमवारपासून ऑफिसात, रोज. हायब्रिडसुद्धा नाही. अट मोडलेल्या माणसावर तेवढाही विश्वास दाखवता येत नाही म्हणे. मी मॅनेजरला फोन लावला.

"सर, माझं काम चुकलं का?"

"नाही नाही, कामाचा प्रश्नच नाही. काम तुमचं उत्तमच. प्रश्न हजेरीचा आहे."

"मी सगळं आधी कळवलं होतं."

"म्हणूनच तर पंचाईत झाली, मॅडम. लेखी आलं ना. आता नियम सगळ्यांना सारखा."

म्हणजे खोटं बोलले असते तर त्या तुपाळ आवाजाला काहीच अडचण नव्हती. मी फोन ठेवला आणि पडवीतली खुर्ची लाथेने उडवली. नोकरी सोडायचं पत्र लिहिलं, पुसलं, पुन्हा लिहिलं, पुन्हा पुसलं. बाबांची औषधं, डॉक्टर, व्यायाम घ्यायला येणारा माणूस, सगळं याच नोकरीवर चालतं. त्यांच्याजवळ राहायचं तर नोकरी हवी, आणि नोकरी हवी तर त्यांच्याजवळ राहायचं नाही. हा हिशेब ज्यांनी मांडला ते रात्री निवांत झोपत असतील.

काकीने बाबांना सांभाळायचं कबूल केलं. तिचे उपकार मी विसरणार नाही. पण बाबा तिला अंग पुसू देत नाहीत. परक्या बाईसमोर त्यांना लाज वाटते. तिच्या हातचे दोन घास घेतात आणि भिंतीकडे तोंड करतात. निघताना मी त्यांना सांगितलं, कामाक जातंय, लवकर येतंय. ज्या माणसाने जन्मभर हेच वाक्य आम्हाला सांगितलं, त्याला ते किती खरं असतं हे ठाऊक होतं. त्यांनी नुसती मान हलवली. चाचांनी मला कणकवलीला गाडीत बसवलं.

सोमवारी ऑफिसात पोचले. दारातच अॅपने हिरवी खूण दिली, उपस्थित. आत गेले तर निम्म्या खुर्च्या रिकाम्या. उरलेले कानाला हेडफोन लावून आपापल्या पडद्याशी बोलत होते, कुणी चेन्नईशी, कुणी मुंद्रा बंदराशी. शेजारच्या टेबलावरच्या मुलीने मला मान हलवून नमस्कार केला आणि पुन्हा हेडफोन चढवला. टीम स्पिरिट ते हेच असावं. मी लॅपटॉप उघडला. तोच लॅपटॉप, तीच जहाजं, तीच माणसं. फक्त मधलं दार उघडं नव्हतं.

सकाळची मीटिंग सुरू झाली, अर्थात पडद्यावर. मॅनेजर दिसले. पुण्याच्या त्यांच्या घरातून बोलत होते. मागे पुस्तकांचं कपाट, खिडकीत तुळस. मॅनेजर लोकांना जागेची अट नाही, हे मला शेजारच्या मुलीने चिठ्ठीवर लिहून दाखवलं. मी ती चिठ्ठी चुरगाळून लॅपटॉपखाली सरकवली.

ते टीमबद्दल काहीतरी बोलत होते, तेवढ्यात त्यांच्या मागून एक म्हाताऱ्या बाई आल्या. पांढरी वेणी, हातात वाटी. त्यांनी मुलाच्या खांद्यावर हात ठेवला आणि विचारलं, "अरे, थोडा शिरा केलाय, आता खातोस की मागाहून?"

"आई, मीटिंग चालू आहे," ते म्हणाले आणि त्यांनी घाईघाईने आवाज बंद केला. आम्हाला नुसते त्यांचे ओठ हलताना दिसत होते. आई वाटी घेऊन तशीच उभी होती.

आवाज परत आला तेव्हा ते म्हणाले, "सॉरी सॉरी, घरून काम म्हटलं की हे असतंच."

सगळे हसले. मी माझा माइक सुरू केला.

"सर, आवाज बंद करू नका. आधी त्यांना उत्तर द्या. माझ्या बाबांनी आज सकाळपासून काही खाल्लेलं नाही, काकीचा फोन आला होता. माझ्या घरी विचारायला काकी आहे, पण ते ज्याच्या हातचं खातात ते माणूस तुम्ही इथे बसवलंय."

ऑफिसातले सगळे हेडफोन एकदम खाली आले. मॅनेजरांच्या आईंनी पडद्याकडे, म्हणजे माझ्याकडे पाहिलं, मग मुलाकडे पाहिलं. वाटी टेबलावर ठेवून त्या आत गेल्या. मॅनेजरांनी वाटीकडे पाहिलं. मग त्यांनी घसा साफ केला आणि आजचे कट-ऑफ घेऊया म्हणाले. यादीत पहिले कंटेनर माझेच होते. मी वाचायला सुरुवात केली.