तिघींना घेऊन या

माणूस मृत्युपत्र न करता गेला की इस्टेटीचं काय ते एकदाचं मिटतं, किस्से मात्र वाढत जातात. आमच्या दत्ताजीकाकांचे तर भावकीत आता बारशालासुद्धा निघतात.

काका फौजेतून निवृत्त होऊन पलूसला राहायचे. घर, थोडा ऊस, मूलबाळ नाही. मी कऱ्हाडला कॉलेजच्या ऑफिसात, म्हणजे खानदानाचा कागदवाला. वील करा म्हटलं की काका म्हणायचे, "लढाईत मेलो न्हाई, आता काय घाई हाय?" आणि एका दुपारी जेवून आडवे झाले ते उठलेच नाहीत.

*

वारस एकटी काकू. पण काकांचे धाकटे भाऊ अण्णा म्हणाले, ही दादाची लग्नाची बायको कशावरून? कोर्टाला ते पटलं असतं तर घर-शेत अण्णांचं आणि काकू रस्त्यावर.

मी कागद घेऊन कचेरीत गेलो. माहेरच्या जमिनीच्या उताऱ्यावर ती सोनाबाई. लग्नात नाव बदललं म्हणून रेशनकार्डावर लक्ष्मीबाई. आणि पेन्शनच्या कागदावर फौजेतल्या कुणा हिंदी बाबूनं केलेली लच्छमीदेवी. क्लार्कनं सगळं वाचलं, चष्मा काढला आणि म्हणाला, "तिघींना घेऊन या."

घरी येऊन मी हे हसत हसत सांगितलं. काकूनं काकांच्या फोटोकडं बघत विचारलं, "बाकीच्या दोघी कुठल्या रं?"

मी परोपरीनं समजावलं. तरी फोटोचा हार पुढं बरेच दिवस कुणी बदलला नाही.

*

आमच्या सांगलीच्या वकिलांनी पेपरात नोटीस दिली. दत्ताजीरावांच्या वारसाबद्दल कोणाची हरकत असल्यास आमच्या ऑफिसात कळवावे.

दोन दिवसांत वकिलांचा कॉलेजवर फोन. ताबडतोब या, जिन्यापर्यंत माणसं उभी आहेत!

मी घाबरून सांगली गाठली. बघतो तर काकांची निम्मी गल्ली टेंपो करून आलेली. पेपरात एवढं विचारलंय म्हटल्यावर सांगायला नको? एकेक जण वकिलांपुढं हात जोडून आपली काही हरकत नसल्याचं सांगत होता आणि चहा पिऊन उठत होता.

खरी हरकत एकट्या अण्णांची. ते रांगेत सगळ्यात मागं. पुढच्यानं वळून म्हटलं, "अण्णा, तुमी कशाला हेलपाटा घातला? घरच्यांची हरकत नसतीयाच की."

*

कोर्टात लग्नाचा पुरावा लागला. फोटो नाही, पत्रिका नाही. मग लग्नाला हजर असलेले शिदूनाना उभे केले. लग्न झालं हे कशावरून, असं अण्णांच्या वकिलानं दरडावून विचारलं.

"पंगतीला हुतो की. जिलबी कमी पडली."

"एवढ्या वर्षांनी आठवतंय?"

नानांनी सरळ अण्णांकडं बोट केलं. "वाढाय ह्योच हुता. आमच्यापातूर आलाच न्हाई."

अण्णा ताडकन उठले. "जिलबी माझ्यामुळं न्हाई कमी पडली! आचाऱ्यानंच कमी केलती!"

त्यांच्या वकिलानं फाइल मिटली.

*

आता फक्त काकूची जबानी राहिली. जज्जसाहेबांनी विचारलं, पतीचं नाव?

जन्मात काकूनं काकांचं नाव घेतलं नव्हतं. मी सांगू का म्हटलं, तर साहेब म्हणाले, साक्षीदारानंच सांगायचं. लिहून द्या म्हणावं, तर तिला लिहिता येत नव्हतं. आमचे वकील कानाशी लागले, काकू, नावावाचून घर जाईल. माझं तर हसूच पळालं. जिंकलेलं घर एका शब्दासाठी चाललं होतं.

काकूनं डोक्यावरचा पदर सारखा केला. पिंजऱ्याची कड धरली. आणि खाली बघत, पण खणखणीत आवाजात म्हणाली,

"म्हशीच्या दुधावर दाट आली साय, दत्ताजीरावांनी जाताना कागद केलाच न्हाय."

टायपिस्टची बोटं हवेतच राहिली. त्यानं हळूच विचारलं, "साहेब, नुसतं नाव घेऊ ना?"

साहेबांनी काकूकडं बघितलं. मग म्हणाले, "सायीपासून घ्या."