भूगोलाचा तास

कारंज्याहून नागपूरला जाणाऱ्या सकाळच्या बसमध्ये ते माझ्या शेजारी खिडकीशी बसले होते. शाळेने काढलेले शिक्षक. त्यांना परत घ्या, असा हायकोर्टाचा हुकूम होता. शाळेने तो पाळला नाही, दिल्लीत अपील केले. आज अवमान याचिकेची तारीख होती.

"अपिलाचा निकाल लागेपर्यंत थांबायचं ना," मी म्हणालो.

"स्टे कुठी भेटला त्याईले? हुकूम जित्ताच आहे, भाऊ. रिटायर व्हाच्या आंधी एक तास घेऊ द्या म्हना, बस."

धुक्याने काच पांढरी झाली होती. बोलताबोलता त्यांनी बोटाने तिच्यावर विषय लिहिला: भूगोल. अक्षरांतून संत्र्याच्या बागा सरकत होत्या.

ऊन आले, काच निवळली, अक्षरे गेली. ते पुढे वाकले आणि काचेवर हळूच श्वास सोडला.

भूगोल तिथेच होता.