एका बोटाने मिटणारे दार

वेनियामिन लुकिच पेरेगुदोव एकतीस वर्षे फ्रिज बनवत होता. निदान बायकोला, मुलीला आणि मजल्यावरच्या सगळ्या बिऱ्हाडांना तो तसे सांगत होता. मॉस्कोतल्या त्याच्या कारखान्यात मालट्रक होत, फ्रिज होत, आणि अगदी मागे, दोन फाटकांच्या पलीकडे, देशाच्या पुढाऱ्यांसाठी चिलखती मोटारी होत. वर्षाला पाच-सहा, कधी तेवढ्याही नाहीत. लुकिच त्या मागच्या शेडमध्ये दारे बसवत असे. फक्त दारे.

तिथे कामाला लागताना त्याने गुप्ततेच्या कागदावर सही केली होती. आत काय चालते ते बाहेर बोलायचे नाही, घरीही नाही. परदेशाचे नाव काढायचे नाही, आणि नोकरी सोडल्यावरही पाच वर्षे देशाबाहेर पाऊल टाकायचे नाही. तेव्हा त्याला ही अट विनोदी वाटली होती. परदेशात त्याचे होते कोण?

खोटे सांभाळणेच त्याला जड गेले. समोरच्या दारातल्या झिनाइदा पाव्लोव्हनांचा फ्रिज गळू लागला तेव्हा त्या थेट त्याच्याकडे आल्या. लुकिचने फ्रिजचे दार उघडले, मिटले, पुन्हा उघडले.

"एवढी वर्षं फ्रिज करता आणि पाणी का गळतं ते सांगता येईना?" बाई म्हणाल्या. "मग तिथे दिवसभर करता तरी काय? नुसती दारं उघडता नि मिटता?"

"तेच करतो," लुकिच म्हणाला.

दुसऱ्या दिवशी त्याने वाचनालयातून फ्रिजदुरुस्तीचे पुस्तक आणले आणि अभ्यासाला बसला. दोन वर्षांत मजल्यावरचा एकही फ्रिज त्याच्या हाताखालून जायचा राहिला नाही. बायको म्हणे, "माणूस कामावरून आला की कामालाच लागतो."

खऱ्या कामाची गोष्ट वेगळी होती. पूर्वी तयार मोटार घेऊन तिला आतून पोलादी पत्रे जोडत. मोटार त्या वजनाने बसायची आणि दारे अडकायची. मग रचना करणाऱ्यांनी सगळे उलटे केले. आधी जाड पोलादाची बंद पेटी वेल्डिंग करून तयार करायची, आणि मग तिच्यावर मोटार चढवायची, अंगावर कोट चढवावा तशी. पण वितळवून जोडलेले पोलाद निवताना आक्रसते, आणि प्रत्येक पेटी आपल्या मनाने आक्रसते. एखाद्या पेटीची चौकट वर केसभर रुंद, तर दुसरीची खाली केसभर अरुंद. पेटी एकदा झाली की तिला हात लावता येत नसे. सगळ्यांच्या चुका शेवटी दाराशी येत, आणि दाराशी लुकिच उभा असे.

दाराचे वजन तीन धडधाकट माणसांएवढे. त्यातली काच तळहाताच्या रुंदीएवढी जाड. आणि ते एका बोटाने मिटले पाहिजे. लुकिच बिजागरीखाली पातळ पत्र्याच्या चकत्या घाली, काढी, एखादी पॉलिश कागदावर दोनदाच घासून पुन्हा घाली. मग सिगारेटचा पातळ कागद चौकटीत धरून दार मिटायचे आणि कागद ओढून बघायचा. वर, खाली, कडेला, सगळीकडे तो सारख्याच नाराजीने बाहेर आला पाहिजे. लुकिच सिगारेट ओढत नसे, तरी त्याच्या खिशात कायम सिगारेटचे कागद असत. बायकोने त्यावरूनही बरीच वर्षे संशय घेतला.

शेवटी तो मोटारीच्या टपावर काठोकाठ भरलेला चहाचा पेला ठेवी आणि दार एका बोटाने लोटे. चहा सांडला नाही की दार झाले. मग तोच चहा तो पिऊन टाकी. तोवर तो गार झालेला असे.

शुक्रवार, २९ सप्टेंबर १९८९ रोजी, साठ पुरी झाल्यावर, लुकिच निवृत्त झाला. बायको त्याआधीच गेली होती. पुढच्या मे महिन्यात मुलगी आस्या आपल्या नवऱ्याबरोबर, लेवाबरोबर, इस्रायलमध्ये हैफाला कायमची राहायला गेली. स्टेशनवर ती म्हणाली, "बाबा, तू मागून ये. फ्रिजवाल्याला कोण अडवणार आहे?"

लुकिचने मनाशी हिशेब केला होता. २९ सप्टेंबर १९९४. "येतो," तो म्हणाला, "जरा उशीर होईल." किती उशीर आणि का, हे त्याला सांगता येत नव्हते. त्याने स्वयंपाकघरात कॅलेंडर लावले आणि दर महिन्याला एक पान फाडू लागला.

मधल्या काळात देशच मोडला. ९२च्या शरद ऋतूत मेट्रोच्या तोंडाशी असलेल्या टपरीवर लुकिचला मोटारींचे एक मासिक दिसले. त्यात त्याची मोटार होती. चिरून उघडी केलेली, रंगीत, प्रत्येक भागाला बाण आणि आकडा. पेटी, काच, चाके. चौदावा बाण दाराच्या बिजागरीला होता. तो थंडीत तिथेच उभा राहून बघत राहिला. बिजागरी चुकीची काढली होती. खुंट्या चार असतात, चित्रात तीन होत्या. एकतीस वर्षांत बायकोलाही न सांगितलेली गोष्ट टपरीवर सूर्यफुलाच्या बियांशेजारी पडली होती, आणि तीही चुकीची. मासिक त्याने विकत घेतले आणि पलंगाखाली लपवले.

फेब्रुवारी ९३ मध्ये शेडचे प्रमुख गेर्मान ओसिपोविच स्वतः घरी आले. केक घेऊन आले, म्हणजे काम असणार.

"लुकिच, एक गाडी जायचीय. मागचं डावं दार मिटत नाही. तीन पोरांनी हात मारला. आता खांदा लावून ढकलावं लागतं."

"चकत्या बघितल्या?"

"चकत्या बघितल्या, बिजागऱ्या बघितल्या, एकाने तर हातोडा मारला."

"कुठे मारला?" लुकिच उठून उभाच राहिला.

"तेच तर. या ना एक दिवस. कागदबिगद काही नाही. एका दिवसाचा पास, संपलं."

मंगळवार, १६ फेब्रुवारी. फाटकावरचा पहारेकरी नवा होता. खिडकीआड रेडिओ ऐकत काकडी खात होता. त्याने पासकडे पाहिलेही नाही. "जा आजोबा, जा आत."

लुकिच हलला नाही. "वही कुठाय?"

"कसली वही?"

"पहिल्या विभागाची, गुप्ततेवाल्यांची. आत जाणाऱ्याने सही करायची असते."

"आता कोण करतं सही? जा ना."

"मी करतो," लुकिच म्हणाला. एकतीस वर्षांत तो सहीशिवाय त्या फाटकातून आत गेला नव्हता. सही न करता आत जाणे त्याला पायांत बूट नसताना जाण्यासारखे वाटले. शिवाय त्या मुलाचा त्याला रागही आला होता. देश मोडला म्हणून वहीसुद्धा मोडायची?

पहारेकऱ्याने कुरकुरत खण उपसले आणि वही शोधून काढली. शेवटची सही नोव्हेंबरातली होती. लुकिचने तिच्याखाली पूर्ण नाव लिहिले, जुना कामगार क्रमांक लिहिला, तारीख स्वच्छ अक्षरात घातली.

दार संध्याकाळपर्यंत झाले. हातोडा नेमका नको तिथे बसला होता. चहा सांडला नाही. गेर्मान ओसिपोविच टाळ्या वाजवायला लागले. "असं दार आता कुणी बसवणार नाही, लुकिच."

"नाही बसवणार," लुकिच म्हणाला. त्या दिवशी घरी येताना तो फार आनंदात होता. पुढे त्याला हे वारंवार आठवे, आणि त्याचीच सर्वांत जास्त लाज वाटे.

त्या उन्हाळ्यात लेवाचे पत्र आले. आस्याच्या रक्तात काहीतरी बिघडले होते. दर दोन आठवड्यांनी दवाखान्यात राहावे लागे, प्रवासाला बंदी होती. डॉक्टर दोन वर्षे म्हणत होते, तेही फार खात्रीने नव्हे. लुकिचने कॅलेंडर पाहिले. चौदा महिने. दोन वर्षांत चौदा महिने बसतात. त्याने पुन्हा पुन्हा मोजून पाहिले, प्रत्येक वेळी बसले.

सोमवार, ३ ऑक्टोबर १९९४ रोजी त्याने परदेशी जाण्याच्या परवान्याच्या कचेरीत अर्ज दिला. डिसेंबरात बोलावणे आले. खिडकीतल्या बाईने फाइल उघडली.

"१६ फेब्रुवारी १९९८ नंतर अर्ज करा."

"मी ८९ ला सोडलं, बाई. पाच वर्षं झाली."

"गुप्त कामाशी शेवटचा संबंध ९३. वहीत सही आहे. हे बघा, तुमचीच ना?"

तिने कागद फिरवला. अक्षर स्वच्छ होते, चूक काढायला जागा नव्हती.

"एक दार अडकलं होतं," लुकिच म्हणाला.

"असेल."

"त्या दाराचं चित्र मासिकात छापून आलंय. माझ्याकडे आहे. कुणीही बघावं."

बाई पहिल्यांदा त्याच्याकडे बघून बोलली, आणि आवाजात तुसडेपणा नव्हता. "आजोबा, मासिकाने सही केलेली नाही. तुम्ही केलीय. तिथे काय काम केलं ते प्रमुखांकडून लिहून आणा, मग बघू."

लुकिच कारखान्यात गेला. मागच्या शेडमध्ये कुणीतरी सोफे रचून ठेवले होते. गेर्मान ओसिपोविच वर्षापूर्वी गावी निघून गेले होते, पत्ता कुणाला ठाऊक नव्हता. पहिल्या विभागाचे मात्र सगळे कागद जिथे जायचे तिथे नीट गेले होते. त्या शेडमधले तेवढेच काय ते नीट राहिले होते.

झिनाइदा पाव्लोव्हना दार उघडून उभ्याच होत्या. "काय म्हणाले?"

"अठ्ठ्याण्णव."

"फ्रिजसाठी?" त्या म्हणाल्या. मग त्याचा चेहरा पाहून आत गेल्या आणि वाटीभर गरम कोबीचे सूप घेऊन आल्या. त्या दिवसापासून त्यांनी फ्रिजचा विषय काढला नाही.

जानेवारीतल्या एका रविवारी दुपारी आस्याचा फोन आला. आवाज बारीक झाला होता, पण हसणे तेच होते.

"बाबा, लेवाने एक जुनं मासिक आणलंय. रशियन दुकानातून. त्यात मोठ्या लोकांची गाडी आहे, तुझ्याच कारखान्यातली."

लुकिचला पलंगाखालचे मासिक आठवले.

"तू फ्रिज नव्हतास ना करत?"

फोनच्या तारेत कुठेतरी बारीक खरखर होती. ती नेहमीच असे. लुकिच त्या खरखरीकडे कान देऊन उभा राहिला. कोणी ऐकत असेल का? ऐकत असेल, तर पुन्हा पाच वर्षे, या रविवारपासून. आणि कोणी ऐकत नसेल, तर? तर 'नव्हतो' एवढा एकच शब्द बोलायचा होता, आणि तो इतकी वर्षे न बोलण्याचीच त्याला सवय झाली होती.

"फ्रिजच करत होतो," तो म्हणाला.

"खरं सांग की. मी कुणाला सांगणार आहे आता?"

"फ्रिजच, आसेन्का."

ती म्हणाली, "बरं. फ्रिजच. आपल्या घरातल्या फ्रिजचं दार कसं मिटायचं रे. नुसतं बोट लावलं की झालं. इथलं आपटतं, सगळ्या बाटल्या वाजतात."

"वरच्या बिजागरीखाली एक चकती घालायला सांग लेवाला. पातळ."

"त्याला नाही जमायचं. तू येशील तेव्हा घाल."

"घालीन," लुकिच म्हणाला.

आस्या मार्च १९९६ मध्ये गेली. लेवाने तार केली. लुकिचने कॅलेंडर काढले नाही, पण पाने फाडणे थांबले.

परवाना ९८ च्या फेब्रुवारीअखेर आला. नवा अर्ज त्याने केलाच नव्हता, जुनाच कोणीतरी खणातून काढून वेळेवर पुढे सरकवला होता. पोस्टातली बाई जिना चढून दमली होती.

"सही करा इथे. नुसती रेघ ओढली तरी चालेल, आजोबा."

लुकिचने चष्मा शोधला. मग भिंतीला कागद टेकवून पूर्ण नाव लिहिले आणि तारीख घातली.